पतसंस्थेच्या संगणक सुरक्षेवर साडेसहा लाख: संचालक मंडळाला कसं पटवू?

कृष्णाकाठ_मॅनेजर

नमस्कार. मी सांगली जिल्ह्यातल्या एका बिगरशेती पतसंस्थेत मुख्य कार्यकारी अधिकारी आहे. क्लार्क म्हणून लागले, त्याला १९ वर्षं झाली. चार शाखा, २३ कर्मचारी, १४ पिग्मी एजंट, ४२ कोटींच्या ठेवी. येत्या गुरुवारी संचालक मंडळाची मासिक सभा आहे आणि सहावा विषय माझा आहे: 'संगणक सुरक्षेसाठीच्या खर्चास मंजुरी देणे'. मागच्या सभेत हाच विषय 'पुढील सभेत ठेवावा' म्हणून मागे पडला.

हा विषय मी का लावून धरलाय ते सांगते. गेल्या वर्षी फेब्रुवारीत एका शनिवारी सकाळी मुख्य कार्यालयातला सर्व्हर सुरू केला तर एकही फाइल उघडेना. सगळ्या फाइलींच्या नावांपुढे विचित्र अक्षरं लागलेली आणि प्रत्येक फोल्डरमध्ये एक चिठ्ठी: बिटकॉइनमध्ये पैसे भरा, मग किल्ली देतो. आमच्या सॉफ्टवेअर पुरवठादाराच्या माणसांना लांबून काम करता यावं म्हणून सर्व्हरवर कायम एक दार उघडं ठेवलेलं होतं आणि त्याचा पासवर्ड तीन वर्षांत बदललेला नव्हता. तिथूनच ते आत आले. बॅकअपची हार्ड डिस्क होती, पण ती रात्रंदिवस सर्व्हरलाच जोडलेली. सर्व्हरबरोबर तीही गेली.

पैसे भरले नाहीत. आमच्या एका क्लार्कबाईंनी स्वतःच्या काळजीपोटी ११ दिवसांपूर्वीचा डेटा पेनड्राइव्हवर घेऊन कपाटात ठेवला होता, त्यावर संस्था उभी राहिली. मधल्या ११ दिवसांचं सगळं व्हाउचरं, स्लिपा आणि पिग्मी एजंटांच्या पावतीपुस्तकांच्या कार्बन प्रतींवरून परत चढवलं. सहा रात्री आम्ही सातजण कार्यालयातच होतो. रोकड जुळली त्या पहाटे मी खुर्चीतच रडले. काउंटरवर मात्र ते नऊ दिवस आम्ही सगळ्यांना 'लाइन डाउन आहे' एवढंच सांगत होतो, ते मला आजही खुपतं.

आता मागवलेली कोटेशनं: फायरवॉल (बाहेरून संगणकांकडे येणारी जोडणी तपासून अडवणारं यंत्र) ८५,०००. २६ संगणकांवर चांगलं सुरक्षा सॉफ्टवेअर, दरवर्षी ३९,०००. बाहेर ठेवायचा बॅकअप, दरवर्षी ६०,०००. सर्ट-इन या केंद्र सरकारच्या सायबर सुरक्षा संस्थेच्या यादीवरच्या लेखापरीक्षकाकडून तपासणी १,२०,०००. आणि नऊ संगणक बदलायचे ३,६०,०००, कारण ते विंडोज १० वर आहेत, नवी प्रणाली त्यांच्यावर चालत नाही, आणि मायक्रोसॉफ्टने १४ ऑक्टोबर २०२५ पासून विंडोज १० चे नेहमीचे मोफत सुरक्षा अपडेट बंद केलेत. एकूण ६,६४,०००.

गेल्या वर्षीचा नफा ३१ लाख, भागभांडवल १ कोटी ६५ लाख, लाभांश १२ टक्के. आमचे एक संचालक हिशेबाला पक्के आहेत. त्यांनी सभेत लगेच गुणाकार करून सांगितलं, 'म्हणजे लाभांश १२ वरून ८ वर आणायचा. सभासदांना तोंड कोण देणार?' दुसरे म्हणाले, 'एकदा झालं ते झालं. आपल्या गावातल्या संस्थेवर परत कोण येतंय?'

मी जगाचे आकडे घेऊन गेले होते. गार्टनर या बाजार संशोधन कंपनीचा अंदाज होता की २०२५ मध्ये जगभरात माहिती सुरक्षेवर २१२ अब्ज डॉलर खर्च होतील, आधीच्या वर्षापेक्षा १५ टक्क्यांनी जास्त. महाराष्ट्र सरकारचा सायबर सुरक्षा प्रकल्प ८३७ कोटींचा आहे, तेही सांगितलं. चेअरमन म्हणाले, 'ताई, सरकारचं सरकारला. आपलं बोला.' त्यांचं बरोबर होतं. म्हणून इथे विचारते: आपलं काय बोलू?

जुना_स्विचवाला

ताई, मी नागरी सहकारी बँकांच्या संगणक विभागात २२ वर्षं काढली. एटीएम स्विच, म्हणजे एटीएम आणि बँकेचा संगणक यांना जोडणारी यंत्रणा, हेच माझं काम होतं. 'आपल्याकडे कोण येतंय' हे वाक्य मी जितक्या सभांमध्ये ऐकलंय तितकं दुसरं कुठलंही नाही.

तुमच्या संचालकांना पुण्याच्या कॉसमॉस बँकेचं उदाहरण सविस्तर सांगा. सहकारातलंच आहे आणि सगळ्यांनी नाव ऐकलेलं आहे, पण नेमकं काय झालं ते फार थोड्यांना माहीत असतं. ११ ऑगस्ट २०१८, शनिवार. एटीएममध्ये कार्ड घातलं की मशीन बँकेला विचारतं, या खात्यात पैसे आहेत का, देऊ का? हा प्रश्न स्विचमार्गे कोअर बँकिंगकडे, म्हणजे खात्यांची नोंद ठेवणाऱ्या बँकेच्या मुख्य प्रणालीकडे, जातो. चोरांनी मधेच आपला खोटा स्विच उभा केला. प्रश्न कोअर बँकिंगपर्यंत पोचलेच नाहीत, खोटा स्विचच 'द्या' म्हणत राहिला. बनावट कार्डांवर २८ देशांमधून सुमारे ७८ कोटी निघाले, भारतातून अडीच कोटी, त्यात कोल्हापूरची एटीएमही होती. शनिवारी एवढं होऊनही सोमवारी, १३ तारखेला, स्विफ्टमधून, म्हणजे बँकांच्या परदेशी पैसे पाठवण्याच्या संदेश जाळ्यातून, आणखी १३ कोटी ९२ लाख हाँगकाँगच्या एका खात्यावर गेले. एकूण ९४ कोटींच्या वर. एप्रिल २०२३ मध्ये पुण्याच्या न्यायालयाने ११ जणांना दोषी ठरवलं, पण त्यातले बहुतेक पैसे काढणारे हात होते.

रिझर्व्ह बँकेने त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये नागरी सहकारी बँकांसाठी सायबर सुरक्षेची किमान चौकट आणली आणि ३१ डिसेंबर २०१९ ला बँकांच्या चार पातळ्या करून नियम आणखी कडक केले. तिथून आमच्या क्षेत्रातला खर्च खरा वाढला. हौसेने कुणीच केला नाही, तपासणीला उत्तर द्यायचं म्हणून केला. आणि त्यातला बराचसा वाया गेलेला मी डोळ्यांनी पाहिलाय. एका ठिकाणी ११ लाखांची फायरवॉल दीड वर्ष खोक्यात होती. लेखापरीक्षकाने खरेदीचं बिल पाहिलं आणि खूण केली.

म्हणून कोटेशन बाजूला ठेवून तुम्हाला दोन प्रश्न विचारतो. पुरवठादाराचं ते उघडं दार बंद केलंत का? आणि आत्ता जो बॅकअप घेताय तो कधी दुसऱ्या संगणकावर चढवून, उघडून पाहिलाय का? या दोन्हीला एक रुपया लागत नाही.

बार्शीकर_सीए

हिशेबाच्या बाजूने बोलतो. '१२ चे ८' हा गुणाकार चुकीचा आहे. संगणक आणि फायरवॉल ही मालमत्ता आहे, ते ४,४५,००० एकाच वर्षी नफ्यातून जाणार नाहीत. तीन वर्षांत घसारा (वापराने घटणारी किंमत) धरला तर वर्षाला साधारण १,४८,०००. उरलेले २,१९,००० महसुली खर्च, म्हणजे त्याच वर्षी नफ्यातून जाणारा. म्हणजे पहिल्या वर्षी नफ्यावर येणारा बोजा ३,६७,००० च्या आसपास, भागभांडवलाच्या सव्वादोन टक्के. लाभांश पावणेदहाच्या जवळ राहतो. हे कोष्टक करून सभेच्या टिपणीला जोडा. आकड्यांवर अडलेल्या माणसाला आकड्यांनीच सोडवावं.

मला याहून महत्त्वाचं वाटतं ते वेगळंच. बँकेतल्या ठेवीला पाच लाखांपर्यंत ठेव विमा महामंडळाचं संरक्षण असतं. पतसंस्थेतल्या ठेवीला ते नाही. बँक अडकली तर सामान्य ठेवीदाराला निदान तेवढा आधार आहे, तुमच्याकडे मागे ते महामंडळ उभं नाही. आणि खर्च कापला जातोय कुणाच्या वाट्यातून? भागधारकांच्या. बुडण्याची जोखीम कुणाची? ठेवीदाराची. लाभांश वाचवायचा म्हणून सुरक्षा टाळणं म्हणजे एकाच्या जिवावर दुसऱ्याला वाढणं आहे. सभेत हे स्पष्ट म्हणायला हवं.

६,६४,००० ला ४२ कोटींनी भागून पाहा. एक लाखाच्या ठेवीमागे १५८ रुपये.

दोन कायदेशीर गोष्टी. सर्ट-इनच्या २८ एप्रिल २०२२ च्या निर्देशांनुसार असा हल्ला लक्षात आल्यापासून सहा तासांत कळवायचा असतो आणि यंत्रणेच्या नोंदी १८० दिवस जपायच्या असतात. तुमच्याकडे सर्व्हरच गेला, म्हणजे नोंदीही गेल्या असणार. आणि २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यात, माहिती जपण्याची वाजवी व्यवस्था केली नाही तर दंडाची कमाल मर्यादा २५० कोटी आहे. नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये आले, मुख्य जबाबदाऱ्या लागू व्हायला १८ महिने दिलेत. तुमच्यावर २५० कोटी लावतील असं मी म्हणत नाही, तसं सभेत सांगूही नका. पण सभासदांची आधार-पॅनची प्रत कुठल्या कपाटात आणि कुठल्या संगणकात आहे, हे विचारलं जाणार आहे.

उरणचा_दर्यावर्दी

धाग्यात थोडा लांबून येतोय, पण तुमचा पेनड्राइव्ह वाचून राहवलं नाही.

मी न्हावाशेवाला कस्टम क्लिअरिंगच्या कामात आहे. २७ जून २०१७ ला नॉटपेट्या नावाचा व्हायरस जगभर पसरला आणि आमच्या बंदरातल्या एका टर्मिनलचं कामही थांबलं. तो पसरला कुठून? युक्रेनमध्ये करभरणीसाठी वापरल्या जाणाऱ्या हिशेबाच्या सॉफ्टवेअरच्या अपडेटमधून. म्हणजे तुमच्यासारखंच, ज्या पुरवठादारावर विश्वास टाकला त्याच्याच दारातून.

मर्स्क या डेन्मार्कच्या जहाज कंपनीला त्यात २० ते ३० कोटी डॉलरचा फटका बसल्याचं कंपनीनेच जाहीर केलं होतं. त्यांच्या जाळ्यातली कोण माणूस, कुणाला कुठे प्रवेश, ही सगळी नोंद ठेवणारे सर्व्हर जगभर होते, एकमेकांची नक्कल ठेवणारे. सगळे एकदम गेले. एक वाचला, घानामधला, कारण त्या वेळी तिथली वीज गेली होती. त्या एका प्रतीवरून कंपनी परत उभी केली. एवढी मोठी कंपनी घानाच्या लोडशेडिंगवर वाचली आणि तुमची संस्था एका बाईंच्या कपाटावर. त्या क्लार्कबाईंना संस्थेने काही दिलं का? नसेल तर त्याचाही ठराव याच सभेत मांडा.

ठेवीदार_गुरुजी

मी निवृत्त प्राथमिक शिक्षक. तांत्रिक काही कळत नाही, पण मी तुमच्या काउंटरच्या पलीकडचा माणूस आहे म्हणून लिहितो.

मागच्या वर्षी मला व्हॉट्सॲपवर लग्नपत्रिका आली, ओळखीच्या नंबरवरून. उघडली. ती पत्रिका नव्हती, ॲप होतं. माझ्या बचत खात्यातून १,८४,००० गेले. पुतण्याने लगेच १९३० ला, सायबर फसवणुकीच्या हेल्पलाइनला, फोन लावायला लावला, पाऊण तासाच्या आत. त्यामुळे १,१०,००० पुढच्या खात्यात अडवले गेले आणि पाच महिन्यांनी परत मिळाले. बाकीचे गेले. आता मीही दरवर्षी मोबाइलच्या सुरक्षेसाठी पैसे भरतो, आणि आमच्या हिला वेगळा साधा फोन घेऊन दिलाय, बँकेचं सिमकार्ड त्यातच. हा घरखर्चात नव्याने आलेला खर्च आहे, दहा वर्षांपूर्वी नव्हता. केंद्र सरकारने संसदेत सांगितलं की २०२४ मध्ये देशात लोकांचे २२,८४५ कोटी सायबर फसवणुकीत गेले. त्यात माझे ७४,००० कुठे असतील, असा विचार वाचताना आला.

निवृत्तीचे नऊ लाख मी आमच्या गावच्या पतसंस्थेत ठेवलेत. वरचं विम्याचं वाचेपर्यंत मला वाटत होतं की तिथेही पाच लाखांचं संरक्षण आहे. ताई, तुमच्या संचालकांना सांगा, एका ठेवीदाराला लाखामागे १५८ रुपये जड नाहीत. व्याज पाव टक्का कमी द्या, पण तुम्ही 'लाइन डाउन आहे' असं खोटं सांगाल ही भीती नको. मी तुमचा ठेवीदार असतो आणि खरं सांगितलं असतंत, तर मी पैसे काढले नसते.

कृष्णाकाठ_मॅनेजर

गुरुजी, तुमचं शेवटचं वाक्य दोनदा वाचलं. ते माझं चुकलंच. पुढच्या वार्षिक सभेच्या अहवालात त्या नऊ दिवसांची खरी हकीकत लिहिणार आहे, चेअरमनसाहेबांशी तसं बोलले.

स्विचवाले दादा, दार हल्ल्यानंतर लगेच बंद केलं. आता पुरवठादाराला काम असेल तर ते फोन करतात, आम्ही समोर बसून जोडणी देतो, काम झालं की तोडतो. पहिले दोन महिने त्यांनी कटकट केली, आता सवय झालीय.

बॅकअप मात्र कधीच उघडून पाहिला नव्हता. काल संध्याकाळी काउंटर बंद झाल्यावर एका जुन्या संगणकावर चढवून पाहिला. तीन शाखांचा उघडला. चौथ्या शाखेचा फोल्डर होता, फाइलही होती, तारीखही रोजची पडत होती, पण आत काही नाही. मागे मागे जात पाहिलं, गेले ५८ दिवस तिथून रिकामी फाइलच येत होती. त्या शाखेत सहा कोटींच्या ठेवी आहेत.

रात्री तिथेच थांबून हाताने पूर्ण प्रत घेतली. क्लार्कबाईही थांबल्या. त्यांच्या सत्काराचा विषय सातवा म्हणून घातलाय.

जगाचे आकडे टिपणीतून काढून टाकले. आता त्यात तीनच कागद आहेत: सीएसाहेबांचं घसाऱ्याचं कोष्टक, ठेव विम्याबद्दलचा परिच्छेद, आणि त्या रिकाम्या फाइलींची ५८ दिवसांची यादी. तो जुना संगणकही सभेत टेबलावर ठेवणार आहे.

जुना_स्विचवाला

यादीवर त्या शाखेच्या व्यवस्थापकांची सही आधी घ्या, नाहीतर सभेत गोष्ट त्यांच्यावर ढकलली जाईल आणि मूळ विषय बाजूला पडेल. चूक त्यांची नाही, तपासायचं काम कुणालाच नेमून दिलेलं नव्हतं. ठरावात तेवढं एक वाक्य घाला: दर महिन्याच्या पहिल्या शनिवारी चारही शाखांचा बॅकअप उघडून पाहायचा, कुणी पाहिला त्याचं नाव रजिस्टरमध्ये. सगळे पैसे एकदम मंजूर झाले नाहीत तर आधी बाहेरचा बॅकअप आणि नऊ संगणक घ्या. फायरवॉल सहा महिने थांबली तरी चालेल, ती चालवणारा माणूस ठरल्यावरच घ्या.

कृष्णाकाठ_मॅनेजर

सही घेतली. ते स्वतःच म्हणाले, सभेला मीही येतो. गुरुवारी दुपारी चारला आहे, झालं की इथे लिहिते.