'दख्खन ट्रॅप' : हा शब्द ठेवावा की सोडावा?

डोंगरवाट

डायनोसॉरच्या अंताबद्दलचा एक भाषांतरित लेख परवा वाचत होतो. त्यात आपल्या लाव्ह्याच्या खडकांच्या डोंगरांचं इंग्रजी नाव 'डेक्कन ट्रॅप्स' हे 'दख्खनचे सापळे' असं तीन ठिकाणी छापलं होतं. पहिल्यांदा वाटलं, मुद्रणदोष असेल. तिसऱ्यांदा तेच दिसल्यावर वाईट वाटलं, कारण ज्या डोंगरांवर मी तीस वर्षं चालतोय त्यांना माझ्याच भाषेत कुणीतरी सापळे म्हणत होतं.

सापळ्याचा इथे काही संबंध नाही. स्वीडिश भाषेत 'त्राप्पा' म्हणजे जिना. अठराव्या शतकात युरोपातल्या अभ्यासकांनी गडद रंगाच्या, बारीक कणांच्या, पायऱ्यापायऱ्यांनी उभ्या राहणाऱ्या खडकांना त्यावरून ट्रॅप म्हणायला सुरुवात केली. १८३० च्या दशकात मुंबई लष्करातले अधिकारी विल्यम हेन्री साइक्स यांनी दख्खनच्या भूरचनेवर लिहिलं, त्यात हेच नाव आपल्या डोंगरांना लावलेलं आहे. आपण ते आजपर्यंत वापरतोय. जुन्या मराठी लेखनात 'दक्षिण ट्रॅप' आहे, पाठ्यपुस्तकात 'दख्खन ट्रॅप', बोलताना 'डेक्कन ट्रॅप'.

माझं म्हणणं असं की भाषांतरकाराला बोल लावून उपयोग नाही. शब्दच असा आहे की मराठी वाचकाला त्यातून काही कळत नाही, किंवा कळलं तर उलटंच कळतं. कोकणातल्या तांबड्या दगडाला शास्त्रात लॅटेराइट म्हणतात, पण आपण जांभा म्हणतो, पुस्तकातही जांभा लिहितो, आणि कुणाचं काही अडत नाही. मग इथे सरळ बेसॉल्ट म्हणावं, किंवा आपला काळा पाषाण म्हणावं. ट्रॅप सोडून द्यावा. तुम्हाला काय वाटतं?

वर्गातली_फळी

विरोध. पूर्ण विरोध, आणि कारण साधं आहे: ट्रॅप हे खडकाचं नाव नाही.

बेसॉल्ट हा खडक आहे. हातात तुकडा घेऊन तुम्ही म्हणू शकता, हा बेसॉल्ट. ट्रॅपचा तुकडा हातात घेता येत नाही. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी लाव्ह्याचे लोंढे एकावर एक पसरत गेले, त्यांची जी चळत तयार झाली ती सगळी मिळून दख्खन ट्रॅप. आज ती सुमारे ५ लाख चौरस किलोमीटरवर उरलेली आहे. या चळतीत बहुतांश बेसॉल्ट आहे, पण सगळा नाही.

मुंबईत छत्रपती शिवाजी महाराज वस्तुसंग्रहालयाची इमारत पाहिली असेल. तिच्या भिंतींत दोन रंगांचे दगड आहेत. करडा तो कुर्ल्याचा बेसॉल्ट आणि पिवळसर तो मालाडचा ट्रॅकाइट. दोन वेगळे खडक, पण दोन्ही दख्खन ट्रॅपमधलेच. 'ट्रॅप म्हणजे बेसॉल्ट' असं लिहिलंत की मालाडचा दगड बाहेर पडला. गिरनारचे बेसॉल्ट नसलेले खडक बाहेर पडले. पावागडचा रायोलाइट, तोही वेगळा खडक, बाहेर पडला.

जांभ्याचं उदाहरण म्हणूनच लागू होत नाही. जांभा एका खडकाचं नाव आहे, त्याला दुसऱ्या खडकनावाने बदलता येतं. एका प्रदेशाच्या सगळ्या घडामोडीला दगडाचं नाव कसं देणार?

तळ_लागेपर्यंत

मी शास्त्रज्ञ नाही. पाणलोटाच्या कामात वीस वर्षं विहिरी आणि बोअर पाहतोय. माझा राग वेगळ्याच गोष्टीवर आहे.

आमच्या एका शेतकऱ्याच्या बोअरचा अहवाल माझ्याकडे आला. त्यात लिहिलं होतं: '० ते २ मीटर माती, २ ते ६० मीटर ट्रॅप.' बस. अठ्ठावन्न मीटरला एक शब्द. बोअर कोरडी गेली आणि त्याने विचारलं, का गेली? त्या शब्दात उत्तर कुठेच नव्हतं.

त्याच्या वडिलांनी शेजारची विहीर हाताने खणली होती. म्हातारबाबांना विचारलं तर त्यांनी घडाघडा सांगितलं: वर मुरूम, मग मांजऱ्या, त्याला पाझर होता, खाली गेरूचा हातभर पट्टा, त्याखाली काळा पाषाण, त्याला सुरुंग लावला तरी टिपूस नाही. चार थर, चार शब्द, आणि प्रत्येक शब्दात पाण्याची बातमी. मांजऱ्या म्हणजे लाव्ह्यातल्या वायूच्या बुडबुड्यांनी पोकळ्या पडलेला खडक. तो झिजलेला असला तर पाणी धरतो, पोकळ्या पांढऱ्या खनिजांनी गच्च भरलेल्या असल्या तर धरत नाही. काळ्या पाषाणात पाणी फक्त भेगासांध्यांतून येतं. गेरू ओला झाला की फुगतो, बोअरमध्ये ढासळतो.

तेव्हा डोंगरवाट, ट्रॅप काढून त्या जागी नुसता बेसॉल्ट लिहिलात तरी माझ्या शेतकऱ्याच्या पदरात काही पडत नाही. मांजऱ्याही बेसॉल्टच आणि काळा पाषाणही बेसॉल्टच.

डोंगरवाट

@वर्गातली_फळी, वस्तुसंग्रहालयाचा मुद्दा मान्य. त्या भिंतीपाशी कितीतरी वेळा उभा राहिलोय, पण हे कधी लक्षात आलं नव्हतं.

तरी माझा प्रश्न शिल्लक राहतो. तुम्ही म्हणता ते बरोबर धरलं, तर जो शब्द खडकाचं नाव नाही तो सगळीकडे खडकाचं नाव म्हणून का फिरतोय? @तळ_लागेपर्यंत यांच्या अहवालात तेच झालं आहे. 'काळा ट्रॅप दगड' असं मी दहा ठिकाणी ऐकलंय. शब्दाचा अर्थ शास्त्रज्ञांनी ठरवला एक आणि लोकांत रुजला दुसरा, तर चूक दुरुस्त कुठे करायची?

खडी_आणि_सिमेंट

बांधकामातला माणूस म्हणून बोलतो. आमच्या दरसूचीत काँक्रीटसाठी 'ट्रॅप, ग्रॅनाइट, क्वार्ट्झाइट किंवा नाइस यांची खडी' अशा धर्तीचा मजकूर असतो. तिथे ट्रॅप सरळसरळ दगडाचं नाव आहे, आणि त्यात काही बिघडत नाही. खाणीवर जाऊन 'ट्रॅपची खडी द्या' म्हटलं की काळी, घट्ट, चांगल्या दगडाची खडी मिळते. मांजऱ्या गाडीत आला तर आम्ही गाडी परत पाठवतो. म्हणजे आमच्या बोलण्यात ट्रॅपचा अर्थ शास्त्रापेक्षा अरुंद आहे, पण पक्का आहे.

आणि वर्गातली_फळी ताई, जुना अर्थही तसाच होता ना? युरोपात आधी ते खडकाचंच नाव होतं. लोक चुकले असं कसं म्हणायचं?

वर्गातली_फळी

@खडी_आणि_सिमेंट, हा मुद्दा रास्त आहे आणि मी माझं वाक्य दुरुस्त करते. ट्रॅप हे मुळात डोंगरावर प्रत्यक्ष पाहणी करताना वापरायचं ढोबळ नाव होतं. भिंगाखाली न पाहता, गडद आणि बारीक कणांचा दिसला की ट्रॅप. पुढे खडकांचे पातळ काप सूक्ष्मदर्शकाखाली पाहता येऊ लागले, बेसॉल्ट, डोलेराइट असे नेमके शब्द रुळले, आणि खडकनाव म्हणून ट्रॅपची गरज संपली. चळतीचं नाव म्हणून तो राहिला. सैबेरियातल्या २५ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्ह्यांनाही ट्रॅपच म्हणतात. तुमच्या दरसूचीत जुना अर्थ जिवंत आहे. तिथे तो राहू द्या.

पण शास्त्रात तो शब्द काढला तर त्याच्यावर उभे असलेले शब्दही पडतात. दोन लोंढ्यांच्या मधल्या काळात, लाव्हा थंड पडलेला असताना, तळी साचली, झाडं उगवली, गोगलगायी आणि बेडूक नांदले. त्या गाळाच्या थरांना आंतरट्रॅपी थर म्हणतात. वरळीला अशाच थरांत बेडकांचे जीवाश्म मिळाले. किल्लारीच्या भूकंपानंतर तिथे खोल छिद्र घेतलं, तेव्हा ३३८ मीटरवर बेसॉल्ट संपला, त्याखाली ८ मीटर गाळाचे थर लागले आणि मग पायाचा जुना खडक. तो गाळ अधःट्रॅपी, म्हणजे ट्रॅपच्या खालचा. कोयनेच्या भागात तसंच छिद्र घेतलं तर तिथे बेसॉल्टच सव्वा किलोमीटरच्या आसपास निघाला. 'आंतरकाळापाषाणी' म्हणून पाहा जिभेवर बसतंय का.

अक्षरओळख

मग भाषांतरच का करू नये? मूळ शब्दाचा अर्थ जिना आहे, आपल्याकडे 'सोपान' हा सुंदर शब्द आहे. 'दख्खनचे सोपानप्रस्तर' म्हणा. आंतरसोपानी, अधःसोपानी, सगळं नीट जुळतं. सापळ्याची भीती नाही, इंग्रजीची उसनवारी नाही, आणि वाचणाऱ्याच्या डोळ्यांपुढे सह्याद्रीचा कडा उभा राहतो. शब्द नवा आहे म्हणून हसणाऱ्यांनी 'भूकंपमापक' हाही कधीतरी नवा होता हे आठवावं.

गडाची_सावली

@अक्षरओळख, कानाला गोड आहे, पण एक धोका सांगतो. पायऱ्या दिसल्या की लोक समजतात, एक पायरी म्हणजे एक लोंढा. मीही बरीच वर्षं तसंच समजत होतो आणि गडावर येणाऱ्या मुलांनाही तसंच सांगत होतो. प्रत्यक्षात उभा कडा बहुतेक वेळा लोंढ्याच्या मधल्या घट्ट भागाचा असतो. वरचा बुडबुड्यांचा भाग आणि गेरू लवकर झिजतात, तिथे सपाटी तयार होते. त्याच सपाटीवर माची, त्याच सपाटीवर वाडी, आणि वरच्या कड्याच्या पायथ्याशी कोरलेली टाकी. कुठे एका लोंढ्यात दोन पायऱ्या दिसतात, तर कुठे लाव्ह्याच्या पातळ पातळ जिभांचे अनेक पदर मिळून एकच उतार होतो. सोपान म्हटलं की हा गैरसमज शब्दातच बसेल. ट्रॅपचा अर्थ आज कुणाला दिसत नाही, म्हणून तो निदान दिशाभूल तरी करत नाही.

अक्षरओळख

दिशाभूल करत नाही कसा? धागा सुरूच 'सापळे' वरून झाला आहे.

खोल_पाणी

सापळ्यावरून आठवलं. तेलाच्या शोधकामात ट्रॅप म्हणजे खरंच सापळा. सच्छिद्र खडकातून तेल वर सरकत जातं, वर अभेद्य थराचं झाकण आलं की तिथेच अडकतं. त्या रचनेला मराठीत तेलसापळा म्हणणं अगदी बरोबर आहे. १९७४ मध्ये मुंबई हायला तेल लागलं, ते चुनखडकातल्या अशाच सापळ्यात. आणि त्याच तेलखोऱ्याच्या तळाशी दख्खन ट्रॅपचे थर आहेत. एकाच खोऱ्याच्या वर्णनात दोन ट्रॅप, एक सापळा आणि एक जिना. इंग्रजीत वाचणाऱ्याला हे संदर्भाने ओळखावं लागतं. मराठीत आपल्याकडे दोन वेगळे शब्द आहेत, तिथे सापळा आणि इथे ट्रॅप. ट्रॅप तसाच ठेवण्याचा हा फायदा मला फार मोठा वाटतो. भाषांतर करणाऱ्याने एवढी एक गोष्ट लक्षात ठेवली तरी पुरे.

डोंगरवाट

हे मला पटलं. प्रदेशाचं, चळतीचं नाव म्हणून ट्रॅप राहू दे, त्याबद्दलचा आग्रह मी मागे घेतो. पण विशेषनाम म्हणूनच, 'दख्खन ट्रॅप' असा जोडीने. एकटा ट्रॅप खडकाच्या जागी लिहायला माझा विरोध कायम आहे, दरसूचीतही. @खडी_आणि_सिमेंट, तुमच्या खाणीवर अर्थ पक्का असेल, पण तोच शब्द बोअरच्या कागदावर आला की काय होतं ते वर दिसलं.

खडी_आणि_सिमेंट

दरसूची बदलायला माझी संमती नाही. खडीचा दर ठरवताना मला लोंढ्यांचा इतिहास नको, दगडाचा कणखरपणा हवा. पाण्याचा अहवाल लिहिणाऱ्याने पाण्याचे शब्द वापरावेत.

वर्गातली_फळी

एक भर घालते. या चळतीच्या आतल्या भागांना रासायनिक घडणीवरून वेगळी नावं दिली गेली आहेत, आणि ती इथल्याच जागांची आहेत: बुशे, पोलादपूर, आंबेनळी, महाबळेश्वर. जगभरचे अभ्यासक आंबेनळी म्हणतात तेव्हा त्यांच्या तोंडी आपल्या घाटाचं नाव असतं. वरचं नाव स्वीडनचं असलं तरी आतली आपली आहेत.

@तळ_लागेपर्यंत, तुम्हाला विचारायचं होतं. मुरूम, मांजऱ्या, गेरू, काळा पाषाण, हे शब्द तुमच्या भागात सगळीकडे एकाच अर्थाने चालतात का? वर्गात वापरायचे तर मला खात्री हवी.

तळ_लागेपर्यंत

सगळीकडे नाही, ताई. मुरूम काही ठिकाणी झिजलेल्या मांजऱ्याला म्हणतात, काही ठिकाणी कुठल्याही भुसभुशीत खडकाला. गेरू मात्र सगळीकडे तांबडाच. म्हणून मी वहीत शब्दाशेजारी दोन गोष्टी लिहितो: पहारीने निघतो की सुरुंग लागतो, आणि पोकळ्या रिकाम्या आहेत की भरलेल्या. तुमच्या मुलांना एखादी खणती विहीर दाखवायची असेल तर उन्हाळ्यात या, पाणी खाली गेलेलं असतं आणि सगळे थर उघडे दिसतात. त्या म्हाताऱ्याबाबांची विहीर अजून आहे. ते स्वतः काठावर उभे राहून सांगतील.