आबाजीच्या महाप्रसादाचं नातं आता आम्ही पाळायचं का?

धानवाला_देवरी:
नमस्कार मंडळी. आमचं गाव देवरी तालुक्यात, छत्तीसगडची सीमा जवळच. आबाजीनं तरुणपणी तिकडच्या एका माणसासंगं महाप्रसाद जोडला होता, जात वेगळी, बोली वेगळी, पण तवापासून दोघंबी एकमेकाले नावानं हाक मारत नव्हते, फक्त "महाप्रसाद". मागच्या उन्हाळ्यात आबाजी गेले तं हा ऐंशीच्या वरचा बुढा नातवाच्या गाडीवर मागं बसून आला, पायात चप्पल नाही, तिरडीपाशी बसून आबाजीचा हात धरून एकच म्हणे, "महाप्रसाद, मोला छोड़ के चल देस". तेरवीपर्यंत राहिला, डोकंबी उतरवलं. आता त्याच्या नातीचं लग्न आहे, पत्रिका आली. काका म्हणतात बुढ्याची दोस्ती बुढ्यासंगं गेली, पाचशेचं पाकीट पाठवा. मले पटत नाही. काय करावं?

रिटायर_गुरुजी:
भाऊ, ही नुसती दोस्ती नाही. जगन्नाथपुरीचा प्रसादाचा भात एकमेकाले देऊन देवाच्या साक्षीनं जोडलेलं नातं आहे ते. छत्तीसगडात याले मितान म्हणतात, कोणी गंगाजल देऊन जोडते, कोणी भोजली, म्हणजे सणासाठी उगवलेले गव्हाचे कोवळे अंकुर, कानावर खोचून. मितानाच्या मायबापाले फुलददा, फुलदाई म्हणतात. नातं दोन माणसाचं नसते, दोन घराचं असते, लग्नात अन् मरणात घरच्यासारखं जायचं. त्यानं डोकं उतरवलं ना? मग पाकीट कसं पाठवता?

वाचनवेडी_साकोली:
दादा तुमचं वाचून डोळे भरून आले. चीनमधे लिऊ बेई, ग्वान यू आणि झांग फेई या तिघांची गोष्ट आहे, पीचच्या बागेत शपथ घेतात की एका दिवशी जन्मलो नाही पण मरू एकाच दिवशी. बागेतला प्रसंग चौदाव्या शतकातल्या कादंबरीतला, पण तिघं सख्ख्या भावासारखे राहायचे, एका बिछान्यावर झोपायचे, हे जुन्या इतिहासातच लिहिलेलं आहे. ग्वान यू इ.स. २२० च्या सुरुवातीला मारला गेला, लिऊ बेई सूड घ्यायला निघाला तर २२१ मधे झांग फेईला त्याच्याच माणसांनी मारलं, लिऊ बेई पुढच्या वर्षी लढाई हरला आणि २२३ मधे गेला. एक दिवस नाही जमला त्यांना, पण साडेतीन वर्षांत तिघंही गेले, मला तर ते शपथेपेक्षा मोठं वाटते.

गोंदियाचा_पोरगा:
उलटंबी होते ना. तेमुजिन, म्हणजे पुढचा चंगेज खान, अन् जमुखा, पोरवयात घोट्याची हाडं खेळायचे तीच एकमेकाले देऊन भाऊ झाले, मोठेपणी एकमेकावर फौजा घेऊन गेले. शपथ घेऊन होत नाही, पाळा लागते. तुम्ही जाच.

धानवाला_देवरी:
सगळ्यायचे आभार. रात्री बाबाले सगळं वाचून दाखवलं. काही बोलले नाही, उठून एचएमटी तांदळाचा एक कट्टा बाजूले काढला, लुगडं आणाले माईले सांगतलं, अन् तिकडं फोन लावला. फोन बुढ्यानंच उचलला. बाबा म्हणाले, लग्नाच्या दिवशी सकाळीच पोहोचतो. तं बुढा रागावला, म्हणे मांडव टाकाले कोण येईन मग?