वस्तू घडवणाऱ्या बोलण्याला कोणते क्रियापद वापरावे?

मृगजळ : मी एक कादंबरी लिहीत आहे. तिच्यातल्या जगात अधिकारी माणसाने योग्य शब्द उच्चारले की वस्तुस्थिती त्या शब्दांप्रमाणे बदलते. ‘नदी आटली’ असे त्याने म्हटले की नदी खरोखर आटते. या कृतीसाठी मी सर्वत्र ‘मंतरणे’ वापरले होते. हस्तलिखित वाचणाऱ्या एका स्नेह्यांनी ते सगळीकडे खोडले आणि समासात लिहिले, की पाणी मंतरतात, दोरा मंतरतात, म्हणजे मुळात असलेल्या वस्तूत मंत्राची शक्ती उतरवतात. नसलेली वस्तू मंतरून अस्तित्वात आणता येत नाही. त्यांचे म्हणणे मला पटले, पण दुसरे क्रियापद सुचत नाही. ‘त्याने नदी बोलली’ असे लिहून पाहिले, तर ते मराठीच वाटेना. आपण काय वापराल?

उंबरठा : ‘भारणे’ वापरावे असे मला वाटते. भारलेले झाड, भारलेली जागा असे आपण सहज म्हणतो. हे क्रियापद ‘भार’ या शब्दावरून आले असावे, अशी माझी जुनी समजूत आहे : वस्तूवर शब्दाचे वजन ठेवायचे आणि त्या वजनाने तिला वाकवायचे.

पानगळ : व्युत्पत्ती मोहक आहे, पण ध्वनिसाम्यापलीकडे तिला आधार दिसत नाही. शिवाय भारलेल्या माणसाचे भान हरपते, स्वरूप बदलत नाही. म्हणजे ‘मंतरणे’वर घेतलेला आक्षेप इथेही लागू होतो. खरी अडचण प्रयोगाची आहे. ‘बोलणे’ हे क्रियापद कर्म घेऊनही भूतकाळात कर्त्याच्याच मागे जाते : ती खोटे बोलली, तो चार शब्द बोलला. ‘म्हणणे’ मात्र दोन्हीकडे वळते : ती म्हणाली, पण तिने गाणे म्हटले. म्हणून ‘त्याने नदी बोलली’ कानाला खटकते. माझ्या मते आपण ते खटकणे राखावे. जिथे उच्चारातून वस्तू घडते, तिथे क्रियापदाने बोलणाऱ्याचे नव्हे तर घडणाऱ्या वस्तूचे लिंग आणि वचन घेतले पाहिजे. आपल्या जगातली सामान्य माणसे ‘तो बोलला’ म्हणतील आणि अधिकारी माणसाविषयी सांगताना ‘त्याने नदी बोलली, त्याने डोंगर बोलला’ असे म्हणतील. एवढ्या फरकानेच वाचकाला कळेल, की हे बोलणे निराळे आहे.

अक्षरमित्र : व्याकरणदोषाला कल्पनेचा आधार देणे मला मान्य नाही. ‘वाचासिद्धी’ हा शब्द आपल्याकडे आहे. ‘त्याला वाचा सिद्ध होती’ असे लिहिल्यास कोणताही वाचक अडणार नाही. आणि ही कल्पनाही जुनीच आहे. संस्कृत नाटककार भवभूतीने ‘उत्तररामचरिता’च्या पहिल्या अंकात म्हटले आहे, की लौकिक सज्जनांची वाणी अर्थाच्या मागून जाते, तर आद्य ऋषींच्या वाणीमागे अर्थ धावतो. ‘वाचमर्थोऽनुधावति’ या तीन शब्दांत आपले संपूर्ण जग आले आहे.

उंबरठा : प्रयोग सदोष कसा? ‘तिने नवस बोलला’ हे मी लहानपणापासून ऐकत आलो आहे, आणि तिथे ‘बोलला’ हे रूप नवसाप्रमाणेच चालते.

अक्षरमित्र : मी नेहमी ‘ती नवस बोलली’ असेच ऐकले आहे आणि तेच शुद्ध आहे.

पानगळ : दोन्ही रूपे कानावर येतात. नवसाचे उदाहरण मला फार मोलाचे वाटते, कारण नवस हा उच्चारण्यापूर्वी नसतोच. तो बोलण्यानेच जन्माला येतो. सामान्य मराठीत ज्या ठिकाणी बोलणे खरोखर काहीतरी निर्माण करते, नेमके त्याच ठिकाणी हे क्रियापद कर्त्याला सोडून कर्माकडे झुकू पाहते. ‘पदार्थ’ हा शब्दही या संदर्भात पाहावा. पदाचा अर्थ तो पदार्थ. ज्याला आपण आज वस्तू म्हणतो, तो मुळात शब्दाचा अर्थ आहे.

अक्षरमित्र : ‘पदार्थ’ मान्य, नवसाबाबत मात्र मी ठाम आहे. उच्चार शिथिल झाला तर काय होते, हे त्वष्ट्याच्या कथेत सांगितले आहे. इंद्राला मारणारा पुत्र मिळावा म्हणून त्याने यज्ञ केला आणि त्यातून वृत्र जन्मला, पण मंत्रातल्या ‘इन्द्रशत्रु’ या समासाचा स्वर चुकला, ‘इंद्राला मारणारा’ऐवजी ‘इंद्र ज्याला मारणारा आहे तो’ असा अर्थ झाला, आणि वृत्र मारला गेला. महाभाष्यकार पतंजलीने व्याकरण शिकण्याचे प्रयोजन सांगताना हेच उदाहरण दिले आहे.

उंबरठा : त्यासाठी संस्कृतापर्यंत जाण्याची गरज नाही. ‘ध’चा ‘मा’ करणे हा वाक्प्रचार आपलाच आहे. 1773 मध्ये नारायणराव पेशव्यांचा खून झाला, त्यामागे ‘धरावे’चे ‘मारावे’ झाले अशी आख्यायिका आहे. तिची सत्यता वादग्रस्त असली, तरी एका अक्षराने माणूस जिवंत राहतो किंवा मरतो ही जाणीव त्या वाक्प्रचारात पक्की बसली आहे.

मृगजळ : सर्वांचे आभार. आपल्या चर्चेतून मला एक नवी शंका आली आहे. माझा अधिकारी माणूस ‘नदी आटली’ म्हणतो, म्हणजे घडायचे आहे ते घडल्यासारखे सांगतो. त्याने ‘नदी आटो’ म्हणायला हवे होते का?

पानगळ : पसायदान पाहावे. तिथे मागणे ‘सांडो’, ‘वाढो’, ‘पडो’, ‘जावो’ या रूपांत आहे. आणि शेवटी विश्वेश्वर उत्तर देतो ते ‘हा होईल दानपसावो’ असे आहे. मागणारा ‘होवो’ म्हणतो, देणारा ‘होईल’ म्हणतो. आपला माणूस मागणारा नाही आणि देणाराही नाही. त्याच्या वाक्यात वाट पाहणेच शिल्लक नाही. म्हणून ‘आटली’ हेच ठेवावे. व्याकरणात आज्ञार्थ, विध्यर्थ, संकेतार्थ यांच्याबरोबरच्या या साध्या विधानाला ‘स्वार्थ’ म्हणतात, हेही आपल्याला उपयोगी पडेल.

अक्षरमित्र : स्वार्थाबद्दलचे म्हणणे योग्य आहे. परंतु ‘तिने नवस बोलला’ हे रूप एखाद्या जुन्या, काळजीपूर्वक छापलेल्या मजकुरात कोणी दाखवू शकेल का?

उंबरठा : शोधून कळवतो. आपणही ‘ती नवस बोलली’चा दाखला द्यावा.