मदत हवी आहे : जुनी क्लिप, नवा वाद

मंडळी, १ नोव्हेंबर (कर्नाटकचा राज्योत्सव, सीमाभागातल्या मराठी माणसांचा काळा दिन) जवळ आला की आमच्या निपाणी-बेळगाव भागात दगडफेकीच्या जुन्या क्लिपा ‘आत्ताच घडलंय’ म्हणून फिरायला लागतात. परवाच्या क्लिपमध्ये बसच्या काचेवर पावसाचं पाणी, आणि इथं कडक ऊन! खाली मराठीतून नि कन्नडमधून शिव्या देणारी खाती एकाच साच्यातली: फोटो नाही, नावापुढं आकडे, एकाच मिनिटात तोच मजकूर, चुकलेल्या वेलांटीसकट. फेसबुकच्या ‘पेज ट्रान्सपरन्सी’त (पेजचा इतिहास दाखवणाऱ्या भागात) बघितलं तर पेजचं आधीचं नाव चक्क रेसिपीचं.

मी गावचं पेज चालवतो. खुलाशात क्लिप जोडली तर तिलाच रीच मिळते, नुसतं लिहिलं तर कुणी वाचत नाही. स्क्रीनशॉटवर मोठी फुली मारून टाकू का? आणि सगळ्यांनी मिळून रिपोर्ट मारायचे म्हणजे आपणही टोळीच की! कुणी असलं निस्तरलंय का?