हुकूमशहा गेल्यावर पहिली दोन वर्षं: इंडोनेशियाला जमलं ते इजिप्तला का जमलं नाही?

पारावरचा

मुस्लिमबहुल देशात हुकूमशहा पडला की दोन-तीन वर्षांत दुसरा येतो, आणि मग "त्यांच्याकडे लोकशाही रुजतच नाही" हे पालुपद सुरू होतं. माझं म्हणणं असं की धर्माकडे वळण्याआधी पहिल्या दीड-दोन वर्षांत काय केलं आणि कुठल्या क्रमाने केलं ते बघा. बरंचसं उत्तर तिथेच आहे.

इंडोनेशिया घ्या. 21 मे 1998 ला सुहार्तो गेले. खुर्चीवर आले उपराष्ट्राध्यक्ष हबिबी, म्हणजे सुहार्तोंच्याच तालमीतला माणूस. तरी तेरा महिन्यांच्या आत राजकीय कैदी सुटायला लागले, वर्तमानपत्रांच्या परवान्याची कटकट गेली, पक्ष काढायची मोकळीक मिळाली आणि 7 जून 1999 ला 48 पक्षांनी निवडणूक लढवली. सुहार्तोंच्या गोलकार पक्षावर बंदी घातली नाही. त्यांनी लढून 22 टक्के मतं आणि 120 जागा मिळवल्या. हरले, पण संपले नाहीत, त्यामुळे खेळ उधळण्यात त्यांना रस उरला नाही.

लष्कराचं तर टप्प्याटप्प्याने केलं. 'द्विफुंग्सी' म्हणजे देशाचं रक्षणही आम्ही करणार आणि राजकारणही, हा तिथल्या लष्कराचा अधिकृत सिद्धांत होता. संसदेत नेमणुकीच्या 75 जागा होत्या. त्या 1999 ला 38 केल्या आणि 2004 ला शून्य. पोलीस खातं लष्करातून बाहेर काढलं. 1 जानेवारी 2001 पासून पैसा आणि अधिकार जिल्ह्यांकडे गेले. प्रांतांना मुद्दाम कमी दिलं, कारण फुटून निघायची ताकद प्रांतात असते, जिल्ह्यात नसते. घटनाही नव्याने लिहायला बसले नाहीत. 1945 चीच घेतली आणि 1999 ते 2002 दरवर्षी एक हप्ता दुरुस्ती केली.

इजिप्तमध्ये सगळं उलट. फेब्रुवारी 2011 ला मुबारक गेले आणि सत्ता थेट जनरलांच्या मंडळाकडे. राष्ट्राध्यक्षपदाच्या अंतिम फेरीच्या दोन दिवस आधी, 14 जून 2012 ला, न्यायालयाने नवी निवडून आलेली संसद बरखास्त ठरवली. 17 जूनला जनरलांनी कायदे करायचा अधिकार स्वतःकडे घेतला. 30 जूनला मुस्लिम ब्रदरहुडच्या मोर्सींनी राष्ट्राध्यक्षपदाची शपथ घेतली तेव्हा हाताशी ना संसद, ना कायमची घटना, आणि लष्कराच्या जमाखर्चाला हात लावायची सोय नाही. यात धर्म कुठे आला?

कडूनिंब

धर्म पाच महिन्यांनी आला, आणि तो तुम्ही सोयीस्करपणे गाळलात.

22 नोव्हेंबर 2012 ला मोर्सींनी फर्मान काढलं की माझ्या निर्णयांना न्यायालयात आव्हान देता येणार नाही. घटना समितीतून चर्चचे आणि उदारमतवादी प्रतिनिधी उठून गेले होते. त्यांना परत आणायच्या भानगडीत न पडता एका रात्रीच्या बैठकीत मसुदा कलमावार मंजूर करून टाकला. सार्वमताला जेमतेम तिसरा हिस्सा मतदार आले. हे काय जनरलांनी करायला लावलं होतं? जो गट आपला कार्यक्रम ईश्वरी आज्ञा मानतो, त्याला राष्ट्राध्यक्षपदाच्या निवडणुकीतली 51.7 टक्के मतं म्हणजे पूर्ण सनद वाटते. उरलेल्या 48 टक्क्यांशी तडजोड करायची ती कशासाठी?

आणि इंडोनेशियाचं कौतुक करताना 1965 चा धर्मनिंदेचा कायदा विसरू नका. तो सुहार्तोंच्या आधीचा आणि त्यांच्या नंतरही जिवंत राहिला. 2017 मध्ये जकार्ताचे ख्रिश्चन गव्हर्नर 'अहोक' त्याच आरोपावर दोन वर्षं तुरुंगात गेले, तेही निवडणूक हरल्यानंतर लगेच.

पारावरचा

मोर्सींची घाई मान्य. पण त्याच घटनेची शेवटची कलमं वाचा. संरक्षणमंत्री लष्करी अधिकारीच असेल, लष्कराचं अंदाजपत्रक संसदेऐवजी एका वेगळ्या परिषदेत ठरेल, नागरिकांवर लष्करी न्यायालयात खटले चालू शकतील. जनरलांना हवं ते सगळं ब्रदरहुडने देऊन टाकलं आणि तरी 3 जुलै 2013 ला जनरलांनी त्यांना उचललंच. ईश्वरी आज्ञेवर चालणाऱ्यांनी आधी बंदुकवाल्यांशी सौदा केला, विरोधकांशी नाही. हिशेब चुकला तो इथे.

इंडोनेशियात शरियतची मागणी झाली नाही असं नाही. घटनेत 'मुसलमानांवर शरियत पाळण्याचं बंधन' या अर्थाचे शब्द घालायची मागणी 1945 पासूनची. 2002 च्या शेवटच्या दुरुस्तीत ती परत आली आणि पडली. विरोध करणाऱ्यांत नहदतुल उलमा आणि मुहम्मदिया या देशातल्या दोन सर्वांत मोठ्या मुस्लिम संघटनाच पुढे होत्या. शरियतचं कलम घटनेत नको हे मौलवींनीच सांगितल्यावर मागणी करणाऱ्या पक्षांकडे बोलायला फारसं राहिलं नाही.

कडूनिंब

म्हणजे धर्माचा संबंध आहेच की! कोट्यवधी सभासदांची, स्वतःच्या शाळा-दवाखाने असलेली, सरकारवर न विसंबणारी धार्मिक संघटना तुमच्या बाजूला होती म्हणून जमलं. इजिप्तमध्ये अल-अझहर, म्हणजे तिथली सर्वांत मोठी धार्मिक संस्था, सरकारच्या पगारावर. तुमचा 'क्रम' तिथे कितीही शुद्ध ठेवला असता तरी हा घटक कुठून आणणार होतात?

मोजपट्टी

दोघेही एक फार रुक्ष गोष्ट विसरताय: मतांचं जागांमध्ये रूपांतर कसं होतं. ट्युनिशियातली 2011 ची घटना समिती पाहा. 217 जागा, बंद याद्या (मत पक्षाला, उमेदवारांचा क्रम पक्ष ठरवणार), यादीत पुरुष-स्त्री आलटून पालटून, आणि जागावाटप 'सर्वांत मोठी शिल्लक' पद्धतीने. एन्नाहदा या इस्लामवादी पक्षाला 37 टक्के मतं आणि 89 जागा मिळाल्या, म्हणजे 41 टक्के.

एक काल्पनिक मतदारसंघ घेऊन दाखवतो. जागा 10, मतं 1,00,000, म्हणजे एका जागेची किंमत 10,000. मोठ्या पक्षाला 42,000, दुसऱ्याला 12,000, मग 9, 8, 7, 6 आणि 5 हजार, पुढे 4, 4 आणि 3 हजार. पूर्ण किमतीत पहिल्याला 4 आणि दुसऱ्याला 1 जागा जाते. उरतात 5. त्या शिल्लक मतांच्या क्रमाने वाटायच्या. मोठ्या पक्षाची शिल्लक फक्त 2,000, म्हणून त्याला एकही नाही. 9 पासून 5 हजारवाल्यांपर्यंत प्रत्येकाला एकेक. निकाल: 42 टक्के मतांना 4 जागा.

आता तीच मतं डी'ऑन्ट पद्धतीने मोजा. प्रत्येकाच्या मतांना 1, 2, 3, 4 ने भागत जायचं आणि सर्वांत मोठे दहा भागाकार निवडायचे. मोठ्या पक्षाचे 42,000, 21,000, 14,000, 10,500, 8,400 आणि 7,000 असे सहा आकडे पहिल्या दहात बसतात. म्हणजे 6 जागा. 6 आणि 5 हजारवाले घरी.

मतदार तेच, दाढ्या त्याच, कुराण तेच. पण एका पद्धतीत मोठ्या पक्षाला भागीदार शोधावे लागतात आणि दुसरीत तो एकटा घटना लिहितो. एन्नाहदाला दोन धर्मनिरपेक्ष पक्ष सोबत घ्यावे लागले. जानेवारी 2014 ला घटना मंजूर झाली ती 200 विरुद्ध 12 मतांनी. कडूनिंब यांना तडजोडीची वृत्ती दिसत नाही म्हणून वाईट वाटतं. वृत्तीची वाट कशाला बघायची, आकड्यांनी तडजोड करायला लावता येते.

याची किंमतही आहे. किमान इतके टक्के मतं हवीतच असा उंबरठा नसल्यामुळे संसदेत चिल्लर पक्षांची गर्दी झाली आणि सरकारं टिकेनात. घटना लिहायला ही पद्धत उत्तम होती. तीच पुढे रोजच्या कारभारासाठी चालू ठेवली, ती चूक.

अर्धा कप

एवढं सगळं सुबक असूनही ट्युनिशिया 2021 ला कोसळला ना? मग नियमांचं कौतुक किती करायचं. 2011 ला एका डॉलरला सुमारे 1.4 दिनार मिळत, 2021 ला 2.7 च्या वर. बेकारी 15 टक्क्यांच्या आसपास खिळलेली. असंतोष शमवायला सरकारी नोकऱ्या वाटल्या, पगारावरचा खर्च फुगला, मग नाणेनिधीकडे हात पसरला. 2015 ला बार्दो संग्रहालय आणि सूसच्या किनाऱ्यावर हल्ले झाले आणि पर्यटन बसलं. पोटाला मिळालं नाही की लोक 'सर्वांत मोठी शिल्लक' चाटत बसत नाहीत. राष्ट्राध्यक्ष कैस सईदनी संसदेला टाळं लावलं तेव्हा रस्त्यावर लोक नाचले.

पारावरचा

पोटाचंच म्हणाल तर 1998 ला इंडोनेशियाची अर्थव्यवस्था एका वर्षात सुमारे 13 टक्क्यांनी आकसली होती. रुपिया डॉलरला 2,400 वरून 15,000 च्या पलीकडे गेला होता. ट्युनिशियाने एवढं कधीच सोसलं नाही. तरी तिकडे खेळ टिकला.

ट्युनिशियाचा घात एका रिकाम्या इमारतीने केला: घटना न्यायालय. 12 न्यायाधीश, चार संसदेने निवडायचे, चार न्यायपरिषदेने आणि चार राष्ट्राध्यक्षाने. संसदेची निवड दोन तृतीयांशाने, म्हणजे 217 पैकी 145 मतं. प्रत्येक गट दुसऱ्याच्या उमेदवाराला नकार देत राहिला. 2018 मध्ये एक न्यायाधीश निवडून आल्या आणि गाडी तिथेच अडली. 2021 च्या वसंतात संसदेने ही अट 131 मतांवर आणली, तर सईदनी मुदत टळली असं सांगून सही करायला नकार दिला.

आता 25 जुलै 2021. सईदनी कलम 80, म्हणजे अपवादात्मक परिस्थितीचे अधिकार, वापरून संसद स्थगित केली. त्या कलमात स्पष्ट लिहिलं होतं की या काळात संसद अखंड अधिवेशनात राहील, आणि 30 दिवसांनंतर परिस्थिती तशीच आहे का हे घटना न्यायालय ठरवील. न्यायालयच नव्हतं, तर ठरवणार कोण? पुढे न्यायपरिषदही बरखास्त झाली. 2022 च्या सार्वमताला सुमारे 30 टक्के मतदान झालं, त्याच डिसेंबरच्या संसदीय निवडणुकीला 11 टक्के.

आपल्याकडे आणीबाणीनंतर 1978 च्या 44 व्या दुरुस्तीने 'अंतर्गत अशांतता' काढून 'सशस्त्र उठाव' घातलं आणि मंत्रिमंडळाची लेखी शिफारस सक्तीची केली. ते जमलं कारण न्यायालय आणि संसद जाग्यावर होत्या.

तळाशी गाळ

इंडोनेशियाचा इतका गोडवा ऐकून बिलं दाखवावीशी वाटली.

पूर्व तिमोर: 30 ऑगस्ट 1999 ला 78.5 टक्के लोकांनी स्वातंत्र्याला मत दिलं आणि लष्कराने पोसलेल्या टोळ्यांनी देश जाळला. जकार्तात खास न्यायालय बसलं. 18 आरोपी, 6 दोषी, आणि अपिलांमध्ये एकेक करून सहाही सुटले. लष्करी अत्याचारांची प्रकरणं लावून धरणारे वकील मुनीर 7 सप्टेंबर 2004 ला विमानात आर्सेनिकने मारले गेले. शिक्षा झाली ती ड्युटीवर नसलेल्या वैमानिकाला, आरोपी असलेला गुप्तचर खात्याचा माजी अधिकारी सुटला.

लष्कराचे धंदे पाच वर्षांत सरकारने ताब्यात घ्यायचे असं 2004 च्या कायद्यात होतं. अधिकृत अंदाजपत्रकातून भागत नसे म्हणून फाउंडेशन, सहकारी संस्था, जंगलाचे ठेके आणि खाणींची राखण यातून पैसा यायचा. पाच वर्षांनी त्याचं खूपसं नाव बदलून तसंच राहिलं. जिल्ह्याजिल्ह्यांत, गावागावांत लष्कराचा माणूस ठेवायची रचना तर कोणी हलवलीच नाही.

तुमचा 'कोणाला बंदी नाही, कोणाला शिक्षा नाही' हा क्रम शांतता विकत घेतो, खरंय. पण 1998 मध्ये लष्करातून काढले गेलेले सुहार्तोंचे माजी जावई प्रबोवो ऑक्टोबर 2024 ला राष्ट्राध्यक्ष झाले, ते याच रस्त्याने. त्यांचे उपराष्ट्राध्यक्ष म्हणजे आधीच्या राष्ट्राध्यक्षांचे चिरंजीव. त्यांना वयाच्या अटीतून सूट देणाऱ्या पीठाचे प्रमुख त्यांचेच आतोबा. भ्रष्टाचारविरोधी आयोगाने 2013 मध्ये घटना न्यायालयाच्या प्रमुखाला लाच घेताना पकडलं, पुढे जन्मठेप झाली. त्याच आयोगाचे दात 2019 च्या कायद्याने काढले.

मोजपट्टी

गाळराव, बिलं खरी आहेत. पण जनरलांना 1999 लाच कोर्टात खेचलं असतं तर काय झालं असतं याचा अंदाज सुदानवरून येतो. ऑगस्ट 2019 चा करार: 39 महिन्यांचा संक्रमणकाळ, पहिले 21 महिने अध्यक्ष लष्कराचा, पुढचे 18 नागरी. पडलेला हुकूमशहा बशीर याला आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाकडे द्यायची चर्चा, अर्धसैनिक दलाकडे सोन्याच्या खाणी, आणि पंतप्रधान हमदोक स्वतः सांगत होते की सार्वजनिक साधनसंपत्तीतला 80 टक्के भाग अर्थमंत्रालयाच्या हाताबाहेर आहे. 300 जागांची विधान परिषद ठरली होती, ती बसलीच नाही. खुर्ची सोडायची वेळ जवळ आली तसा 25 ऑक्टोबर 2021 ला बंड झालं. दीड वर्षाने दोन बंदूकवाले, म्हणजे लष्कर आणि ते अर्धसैनिक दल, एकमेकांवरच तुटून पडले.

तळाशी गाळ

सुदानमध्ये खटले चालवले म्हणून बिघडलं असं कुठे दिसतं? 3 जून 2019 च्या खार्तुममधल्या कत्तलीबद्दल एकाही जनरलला हात लागला नव्हता. पैशाच्या नळाला कोणी हात लावला नाही, आणि नुसत्या तारखा लिहून बसले. इंडोनेशियातही नळ तसाच राहिला. मार्च 2025 ला लष्कराचा कायदा बदलला आणि सेवेतले अधिकारी ज्या नागरी संस्थांत बसू शकतात त्यांची यादी 10 वरून 14 वर गेली. पारावरचे, 75 वरून 38 आणि 38 वरून शून्य ही उतरती तुम्ही सांगितलीत, आता ही चढती कुठल्या वर्षाच्या खात्यात टाकणार?

पारावरचा

2004 च्या. धंदे ताब्यात घ्यायचे लिहिलं, पण ते घेणाऱ्या यंत्रणेला ना स्वतःचा कायदा दिला, ना न्यायालयात जायचा अधिकार. मुदत संपल्यावर जाब विचारायला कोणी बांधील नव्हतं. यादी 14 वर गेली हे मला तुमच्याइतकंच टोचतं. फरक इतकाच की तिकडच्या विद्यार्थ्यांना त्या कायद्याविरुद्ध घटना न्यायालयात अर्ज तरी टाकता आला. कैरोत तसा अर्ज टाकणारा आज कुठे असता हे तुम्हीच सांगा.

कडूनिंब

आणि अहोकना कुठल्या न्यायालयाने वाचवलं, तेही सांगा.