‘अश्विनी ये ना’ हे एकट्या किशोरकुमारचं गाणं नाही, दोघांचं आहे. तुम्हाला काय वाटतं?

मध्यलय

परवा रविवारी आमच्या कराओके ग्रुपचा कार्यक्रम होता. मी आणि ग्रुपमधले एक काका मिळून ‘अश्विनी ये ना’ गाणार होतो, महिनाभर प्रॅक्टिस केलेली, काकांनी नवा शर्ट पण घेतला होता. आणि आमचा नंबर यायच्या पाच मिनिटं आधी विंगेत येऊन आयोजक म्हणतात, मॅडम वेळ कमी आहे, तुमच्या ओळी जरा कमी करा, लोकांना किशोर ऐकायचाय. मी काही बोलू शकले नाही कारण निवेदक तोपर्यंत स्टेजवर गेलाच होता, ‘आता ऐकूया किशोरकुमारचं गाजलेलं मराठी गाणं’ म्हणाला, ट्रॅक सुरू झाला, आणि माझ्या निम्म्या जागा आल्या तेव्हा काकाच ‘ये ना ये ना’ करत राहिले आणि मी माईक धरून नुसती उभी. टाळ्या पडल्या, वन्स मोअर पण मिळाला. घरी आल्यावर मला रडू आलं.

त्या रात्रीपासून एकच विचार डोक्यात आहे. सगळे म्हणतात किशोरचं गाणं. त्याच्याबरोबर हे गाणं गायलेल्या अनुराधा पौडवाल कुठे गेल्या? गाणं ‘गंमत जंमत’मधलं, १९८७, शब्द शांताराम नांदगावकरांचे, संगीत अरुण पौडवालांचं, पडद्यावर अशोक सराफ आणि चारुशीला साबळे. तो मनधरणी करतोय, ती काही लगेच त्याच्या लाडीगोडीला भुलत नाहीये, म्हणून तर त्याला परत परत ‘ये ना’ म्हणावं लागतंय ना! तिने थांबवून धरलंय म्हणून गाणं पुढे सरकतं. तिच्या ओळी काढल्या तर तो कुणाशी बोलतोय? भिंतीशी?

माझं म्हणणं एवढंच आहे की लाडिक छेडाछेडीचं युगुलगीत हे पुरुष गायकाचं गाणं अधिक थोडी बायकांची साथ असं नसतं. तुम्हाला पटतं का?

खांडव्याचा भक्त

ताई तुमच्याबरोबर झालं ते चूकच आहे, आयोजकांनी असं करायला नको होतं. पण मुद्दा पटला नाही. हे गाणं आज ३५-४० वर्षांनी वाजतंय ते फक्त आणि फक्त किशोरदांमुळे. त्या काळात मराठीत अशी दोनतीनशे युगुलगीतं आली असतील हो, किती आठवतात? या माणसाने मराठीत मोजकीच गाणी गायली, त्यातलं हे एक, आणि १३ ऑक्टोबर १९८७ ला ते गेले म्हणजे शेवटच्या काळातलं गाणं. वय ५७-५८, त्याआधी हार्ट अटॅक येऊन गेलेला, आणि आवाज ऐका, कॉलेजातला पोरगा वाटतो! तो ‘ये ना’ म्हणतो त्यात हसू आहे, लाचारी आहे, लबाडी आहे, सगळं एका शब्दात. ते दुसऱ्या कुणाला जमलं नसतं. अनुराधाजी गोड गायल्यात, वादच नाही, पण त्यांच्या जागी दुसरी चांगली गायिका असती तरी गाणं हिट झालं असतं. किशोरच्या जागी दुसरा असता तर झालं नसतं. कटू आहे पण खरं आहे.

मध्यलय

हे ‘दुसरी कुणी चाललं असतं’ बायकांच्याच बाबतीत का म्हणतात कळत नाही. एकदा हेडफोन लावून फक्त त्यांच्याकडे लक्ष देऊन ऐका. समोर किशोरकुमार मस्ती करतोय, त्याच्याबरोबर वाहवत जाणं किती सोपं होतं, पण त्या आवाज कुठेही मोठा करत नाहीत, चेकाळत नाहीत, ओळीच्या शेवटी हसू नुसतं ओठाच्या कडेला ठेवतात. मी महिनाभर तेच करायचा प्रयत्न करत होते, मला आठ दिवस तर नुसतं न हसता हसरं कसं गायचं यातच गेले. आणि एक लक्षात घ्या, हाच आवाज, हेच कवी, १९७९ च्या ‘अष्टविनायक’मध्ये वसंतराव देशपांड्यांबरोबर ‘प्रथम तुला वंदितो’. संगीत अनिल-अरुण या जोडीचं, म्हणजे अरुण पौडवाल तिथेही होतेच. आमच्या सोसायटीच्या गणपतीत सकाळी ते लागतं आणि रात्री ऑर्केस्ट्रात हे. दोन्हीकडे समोर एक जबरदस्त पुरुष आवाज आणि दोन्हीकडे त्या स्वतःच्या जागी ठाम. अशी दुसरी कुणी सहज मिळाली असती असं मला नाही वाटत.

ळ वाचवा

मला दोघांपेक्षा वेगळंच बोलायचंय. हा किस्सा सगळ्यांना माहितीय की किशोरकुमारना मराठीतला ‘ळ’ आणि ‘च’ म्हणायला जमत नाही म्हणून ते मराठीत गायला तयार नव्हते, आणि मग ही अक्षरं टाळून शब्द लिहून घेतले. लोक हा किस्सा कौतुकाने सांगतात. मला कौतुक वाटत नाही, वाईट वाटतं. गायकासाठी भाषेने अंग चोरायचं? महेंद्र कपूर अमृतसरचे, पंजाबी माणूस, त्यांनी १९६९ च्या ‘अपराध’मध्ये सुमन कल्याणपूरांबरोबर ‘सांग कधी कळणार तुला’ गायलं, तिसऱ्याच शब्दात ‘ळ’ आहे. त्याच पिक्चरमध्ये ‘सूर तेच छेडिता’, त्यात ‘च’. पुढे दादा कोंडक्यांसाठी वर्षानुवर्षं उषा मंगेशकरांबरोबर गायले, अस्सल गावरान शब्द गायले. त्यांनी मेहनत घेतली. मग किशोरकुमारसाठी सवलत का? ते मोठे आहेत म्हणून? मराठी माणूस दुसऱ्याच्या भाषेत जाऊन त्यांचे उच्चार घोटून घोटून शिकतो आणि आपल्याकडे कोणी आला की आपणच अक्षरं काढून ठेवतो. हेच बँकेत, हेच रिक्षात, हेच गाण्यात.

खांडव्याचा भक्त

अहो पण तो माणूस प्रामाणिकपणे सांगतोय ना की मला जमणार नाही, तुमच्या भाषेचा अपमान होईल! किती गायक बिनधास्त चुकीचं गाऊन पैसे घेऊन जातात. त्यांना भाषेची किंमत होती म्हणूनच ते नाही म्हणत होते.

पाटी पेन्सिल

‘ळ वाचवा’ यांची कळकळ समजते, मी स्वतः मराठी शिकवते, पण त्यांचा निष्कर्ष मला अजिबात मान्य नाही. आधी ‘च’ चं बघू. मराठीत ‘च’ एक नाहीच, दोन आहेत. चहातला ‘च’ वेगळा आणि चमच्यातला वेगळा. चार आणि चाक म्हणून बघा, जीभ दोन वेगळ्या ठिकाणी लागते. तसंच ज आणि झ चं. लिहिताना अक्षर एकच, त्यामुळे बाहेरच्या माणसाला कागद बघून कळायचं कसं की कुठला म्हणायचा? आमच्याच वर्गात इंग्रजी माध्यमातून आलेली मराठी घरातली मुलं ‘चाक’ ला चहासारखं चाक म्हणतात, ‘बाळ’ ला बाल म्हणतात, आणि त्यांचे आईबाबा हसून सोडून देतात. तेव्हा अडचण खरी होती.

आता नांदगावकरांचं बघा. ‘ळ’ गेला म्हणजे काय काय गेलं? डोळे गेले. प्रेमाच्या गाण्यात डोळे नाहीत! काळीज नाही, वेळ नाही, सकाळ संध्याकाळ नाही, खेळ नाही, जवळ नाही. जवळ हा शब्द नसताना जवळ बोलवायचं गाणं लिहायचं. आणि ‘च’ गेला म्हणजे चंद्र गेला, चांदणं गेलं, ओढ लावणारा तो आपला ‘तूच’ ‘मीच’ गेला, ‘माझ्याच’ नाही ‘तुझाच’ नाही. इतकं सगळं दाराबाहेर ठेवून त्यांना हाती काय लागलं, तर ‘ये ना’. दोन अक्षरं. आपण घरात दिवसातून पन्नास वेळा म्हणतो ती. आई मुलाला म्हणते, मैत्रीण मैत्रिणीला म्हणते. त्यातला ‘ना’ हा मराठीचा खास आहे, विनंती पण आहे, हट्ट पण आहे आणि हक्क पण आहे. मला तर वाटतं चांदणं आणि डोळे हाताशी असते तर नेहमीसारखं एक गाणं झालं असतं. याला मी भाषेने अंग चोरणं म्हणणार नाही, कवीने केलेली कमाल म्हणेन. आणि त्या कमालीचं श्रेयसुद्धा लोक किस्सा सांगताना किशोरकुमारला देतात, नांदगावकरांचं नाव किती जण घेतात?

ळ वाचवा

डोळे आणि चंद्राचा मुद्दा छान मांडलात, असा विचार केला नव्हता. पण मत बदललं नाही. कवी मोठा म्हणून अटीतूनही चांगलं निघालं, अट चुकीचीच होती.

आश्विन_नव्हे_अश्विनी

मी इथे फारसं लिहीत नाही पण हा चर्चेचा धागा तीन दिवस डोळ्यासमोर येतोय म्हणून लिहिते. माझं नाव अश्विनी. आठवीत होते, तालुक्याचं गाव, शाळा सुटली की एसटी स्टँडपर्यंत चालत जायचं. स्टँडच्या कोपऱ्यावर पानाच्या टपरीशी चारपाच मुलं बसायची, मी दिसले की सुरू. आधी शिट्टीवर चाल, मग मोठ्याने शब्द. मी मान खाली घालून चालायचे, दप्तर छातीशी धरून. रोज. दोन वर्षं. वर्गातली मुलं पण म्हणायला लागली, मग वर्गातल्या मुली पण हसायला लागल्या. घरी सांगितलं तर आजी म्हणाली तू कशाला बघतेस तिकडे. मी बघतच नव्हते. नंतर लग्नात, हळदीला, नवऱ्याच्या मित्रांनी बँडवाल्याला मुद्दाम तेच वाजवायला सांगितलं, सगळे खूश, मी पण हसले कारण हसायचं असतं.

तुम्ही लोक ‘ये ना’ मध्ये विनंती आहे, हट्ट आहे, हक्क आहे म्हणताय. मला त्यातला शेवटचा शब्दच तेवढा ऐकू येत आला. हक्क. कुणी दिला त्यांना? मी तर ओळखत पण नव्हते.

खांडव्याचा भक्त

अश्विनीताई, वाचून खूप वाईट वाटलं. पण यात गाण्याचा दोष नाही, त्या मुलांचा आहे. त्यांनी दुसरं कुठलंही गाणं म्हटलं असतं. गाण्यात तर प्रियकर प्रेयसी आहेत, त्यांचं आधीच जमलेलं आहे.

आश्विन_नव्हे_अश्विनी

दुसरं कुठलंही गाणं म्हटलं असतं तर त्यात माझं नाव नसतं.

मध्यलय

अश्विनी, तुझं वाचलं आणि दोन दिवस काही लिहिलं नाही. एकेरीत लिहितेय, राग मानू नकोस. मी धागा काढला तेव्हा मला माझ्या ओळी कापल्याचं दुःख होतं. पण तू लिहिलंस त्यावरून मला वाटतं दोन्ही गोष्टी एकच आहेत. त्या टपरीवरच्या मुलांनी काय केलं? त्यांनी पण अर्धंच गाणं म्हटलं. त्याच्या ओळी म्हटल्या, तिच्या ओळींना जागाच ठेवली नाही. तुला उत्तर द्यायची मुभा नव्हती. युगुलगीतात तो एक ओळ म्हणतो आणि थांबतो, तिचं ऐकतो, मग पुढची म्हणतो. ते थांबणं काढून टाकलं की उरतं ते छेड काढणं. म्हणूनच मला इतकं लागतं की कार्यक्रमात, रीलवर, वरातीत सगळीकडे फक्त ‘अश्विनी ये ना’ एवढाच तुकडा वाजतो. ते अॅप आहेत ना ड्युएटचे, एक जण आपला भाग म्हणून ठेवतो आणि दुसरा येईपर्यंत गाणं अर्धं पडून राहतं, तिथे बघा, दुसऱ्याची वाट बघावीच लागते. तसंच असायला हवं.

रिंगरोड

मध्यलय, तुमचं म्हणणं अर्धं पटतं. पण पूर्ण गाणं ऐकलं तरी काय दिसतं? ती आढेवेढे घेते आणि शेवटी दोघं एकत्र नाचतातच. मुलांनी त्यातून हेच शिकलं की ती नाही नाही म्हणते पण तिच्या मनात हो असतं. आपल्याकडची आणि हिंदीतली निम्मी लाडिक गाणी याच पायावर उभी आहेत. मला पण आवडतात, आमच्या गाडीत वाजतात, पण मुलगी दहा वर्षांची झाल्यापासून मागच्या सीटवर ती असताना ऐकताना मी जरा अवघडतो. अनुराधाबाईंच्या ओळी पूर्ण ठेवल्याने हा प्रश्न सुटत नाही.

पाटी पेन्सिल

रिंगरोड, पण मग आढेवेढे घेणं, लटका राग, रुसवा हे सगळंच गाण्यातून काढायचं का? आपल्या लावणीत, गवळणीत बाई कृष्णाला वाट अडवतो म्हणून कितीतरी सुनावते, आणि तिथे बोलण्यात तीच वरचढ असते. बाईला खट्याळपणाच करू द्यायचा नाही हे पण मला नको आहे. तिला शब्द किती दिलेत आणि कसे दिलेत, बघायचं ते.

कीबोर्डवाला

मी ऑर्केस्ट्रात २२ वर्षं वाजवतोय, हे गाणं हजार वेळा तरी वाजवलं असेल. एक सांगतो. जेव्हा गायिकेला नुसतं साथीला उभं करतात तेव्हा हे गाणं तीन मिनिटात पडतं, पब्लिक पहिल्या ‘ये ना’ ला ओरडतं आणि नंतर मोबाईल काढतं. आमच्याकडे एक गायिका होत्या, त्या आपली ओळ म्हणायच्या आधी समोरच्याकडे एक क्षण नुसतं बघायच्या. आम्ही ठेका तसाच धरून ठेवायचो, एक आवर्तन जास्त. अख्खं मैदान गप्प व्हायचं, आता ही काय म्हणते म्हणून. त्यांनी सोडल्यापासून तसं एकदाही झालं नाही. बाकी तुमचं चालू द्या, मला एवढंच माहिती होतं.

खांडव्याचा भक्त

हे मस्त सांगितलंत दादा. किशोरदा माझ्यासाठी पहिलेच राहणार, पण कार्यक्रमात तिच्या ओळी कापू नयेत, यावर माझं आणि मध्यलय यांचं एकमत.

आश्विन_नव्हे_अश्विनी

काल रात्री सगळे झोपल्यावर पहिल्यांदाच गाणं शेवटपर्यंत ऐकलं. इतकी वर्षं कुठे लागलं की बंद करायचे किंवा दुसऱ्या खोलीत जायचे, त्यामुळे त्यात बाई काय म्हणते ते मला माहितीच नव्हतं. त्याचा भाग आला की अजूनही पोटात तसंच होतं, ते जाईल असं वाटत नाही. अनुराधाताईंचा भाग आला तेव्हा मात्र मी आवाज थोडा वाढवला.

मध्यलय, पुढचा कार्यक्रम कधी आहे? तुझ्या सगळ्या ओळी ठेवणार असतील तर मी येईन.