मदत हवी आहे: भाचीच्या लग्नाची पत्रिका, दोन्हीकडे चि. सौ. कां., आणि आईला हवाय एक शब्द

नमस्कार मंडळी. एरवी मी रोमातच (म्हणजे नुसती वाचत) असते, पाककृती सोडल्या तर फारसं लिहीत नाही, पण आता खरंच अडलंय म्हणून धागा काढतेय. विभाग चुकला असेल तर संपादकांनी हलवावा.

तर माझी भाची, मोठ्या बहिणीची मुलगी, नेदरलँड्सला आइंडहोवनला नोकरी करते आणि गेल्या सप्टेंबरात तिचं तिथल्याच एका मुलीशी नगरपालिकेत रीतसर लग्न झालं. तिकडे हे २००१ पासून कायद्याने होतं, जगात पहिल्यांदा त्यांनीच सुरू केलं. ताई-जिजूंनी दोन वर्षं रडून-भांडून घेतलं, आता ठीक आहेत, लग्नालाही जाऊन आले. त्यामुळे प्रश्न तो नाहीये. त्या दोघी जानेवारीत नाशिकला येतायत आणि माझी आई, वय वर्षं ७९, म्हणते नात लग्नानंतर पहिल्यांदा घरी येणार, साठ माणसांचं जेवण घालायचं आणि पत्रिका छापायची. मोबाइलवरची नको, हातात द्यायची, हळदकुंकू लावलेली. मजकूर लिहायचं काम माझ्या गळ्यात, कारण काय तर मी मराठी घेऊन एम.ए. केलंय. (अभ्यासक्रमात हे नव्हतं हो.)

प्रेसमध्ये गेले. कॉम्प्युटरवरच्या मुलाने तयार साचा उघडला, एका बाजूला चि., दुसऱ्या बाजूला चि. सौ. कां., आणि कीबोर्डवर बोटं ठेवून विचारलं, "वराचं नाव?" म्हटलं, दोन्ही वधूच आहेत. त्याला वाटलं दोन बहिणींची लग्नं एका मांडवात. "मग दोन्ही वरांची नावं सांगा ना मॅडम." मी म्हटलं उद्या येते, आणि चक्क पळून आले.

घरी आई वाटच बघत होती. तिला पत्रिकेपेक्षा वेगळीच काळजी. म्हणे, समोरच्या वहिनींनी विचारलं ही गोरी मुलगी कोण, तर मी काय सांगू? इंग्रजी नको, लांबलचक नको, एक शब्द दे मला. आणि मंडळी, मी अर्धी रात्र बसले, मला शब्द सापडेना. म्हणजे शब्द आहेत, भरपूर आहेत, पण एकेक उचलून बघितला की त्याला काही ना काही चिकटलेलं.

लेस्बियन घ्या. मुळात किती साधा शब्द, ग्रीसमधल्या लेस्बॉस बेटावरचा राहणारा तो लेस्बियन. तिथे इसवी सनापूर्वी सहाशेच्या सुमारास साफो नावाची कवयित्री होऊन गेली, तिच्या कवितांत बायकांवरचं प्रेम आहे, त्यावरून बेटाचं नाव जगभरच्या बायकांना लागलं, आपल्याकडे कोल्हापुरी म्हटलं की चप्पल तसं. २००८ साली तिथले काही रहिवासी अथेन्सच्या कोर्टातसुद्धा गेले होते की आमचं नाव दुसऱ्यांना वापरू देऊ नका, आणि केस हरले. पण आपल्याकडे हा शब्द आला तो सीडीच्या काळ्या पिशवीतून. आमच्या कॉलेजात मुलं तो उच्चारायच्या आधी दाराकडे बघायची. मग १९९८ला दोन बायकांच्या प्रेमावरच्या 'फायर' सिनेमावरून मुंबईतल्या थिएटरांत तोडफोड झाली तेव्हा तो आमच्या घरी पेपरात आला, आणि बाबांनी ते पान घडी करून रद्दीत खाली सरकवलं हे मला आजही आठवतं. तो शब्द मी आईच्या तोंडी कसा देऊ?

समलैंगिक म्हणावं तर त्यात लिंग आलं. नाशिकच्या ७९ वर्षांच्या बाईला लिंग म्हटलं की दोनच गोष्टी कळतात, एक त्र्यंबकेश्वरला आहे आणि दुसरं बोलायचं नसतं. (आणि गंमत म्हणजे या दोघींच्या बाबतीत दोन्हींचा काही संबंध नाही!) शिवाय पेपरात 'समलैंगिक जोडपं' वाचलं की डोळ्यासमोर दोन पुरुषच येतात, बायका असल्या तर वेगळं सांगावं लागतं. समलिंगी जरा सोवळा वाटतो, व्याकरणाच्या तासातला, पुल्लिंग-स्त्रीलिंगच्या बाकावर बसलेला. पण त्यालाही 'संबंध' जोडला की झालं, लग्न केलेल्या मुलींचं लफडं करून टाकतो.

आणि मग आपल्या घरातला खराखुरा शब्द, जो कुठल्या कोशात सापडणार नाही पण सगळ्यांनी ऐकलाय: तसली. "ती ना, तसली आहे म्हणे." माझ्या मामीने हाच वापरला, आवाज खाली करून. तसलीमध्ये सगळंच बसतं, नवरा सोडलेली, उशिरा घरी येणारी, सिगारेट ओढणारी, आणि ही. दुसरा एक पुरुषी किंवा बाप्या, तो तर आमच्या भाचीला लागूच नाही, ती लहानपणापासून नट्टापट्टा करणारी, पैठणी नेसायची म्हणून वर्षभर हट्ट धरलेला.

उरली मैत्रीण. आईला हा चालेल, कुणालाही चालेल, तोच प्रॉब्लेम आहे. भाची फोनवर म्हणाली, "मावशी, मैत्रीण म्हणू नका गं, मैत्रिणी मला पन्नास आहेत."

तर विचारायचं असं की पत्रिकेवर दोघींच्या नावाआधी काय लिहायचं, 'विवाह' म्हणायला काही अडचण आहे का (एक काका म्हणतायत पोलीस येतील), आणि आईला कुठला शब्द देऊ. टिंगल नको प्लीज, भांडून धाग्याचं काश्मीर करू नका.

वाटाण्याच्या_अक्षता: आधी तुमच्या मातोश्रींना साष्टांग नमस्कार. पत्रिकेचं म्हणाल तर चि. सौ. कां. सरळ काढून टाका. सौभाग्यकांक्षिणी म्हणजे सौभाग्याची इच्छा करणारी, आणि आपल्याकडे सौभाग्य म्हणजे जिवंत नवरा, त्यामुळे दोघींपुढे लिहिलंत तर दोघी मिळून दोन नवरे मागतायत असा अर्थ होतो :) दोघींना नुसतं चि. लावा. चिरंजीव कुणालाही चालतं, मुलींना न लावण्याचं काही कारणच नव्हतं.

खाडाखोड: संस्कृतात शोधाल तर लोक 'स्वैरिणी' काढून देतील, कामसूत्राचा दाखला देऊन. घेऊ नका. अमरकोशात तो कुलटा, पुंश्चली यांच्याच रांगेत बसलाय, म्हणजे आपली 'तसली'च, फक्त सोवळं नेसलेली. 'सखी' फार गोड आहे, दिल्लीत १९९१ साली अशाच बायकांच्या एका गटाने तेच नाव घेतलं होतं, पण आता सरकारने पळवलाय. सखी केंद्र, सखी मतदान केंद्र, पेपरची पुरवणी सखी. कुणाला कळणारच नाही.

उर्दूत मात्र एक बहारदार शब्द आहे. लखनौकडे अठराव्या-एकोणिसाव्या शतकात रेख्ती नावाची कविता होती, पुरुषांनी बायकांच्या बोलीत लिहिलेली, त्यात अशा जोडीतली एक दुसरीला 'दोगाना' म्हणते. दोन गर असलेला बदाम निघाला की तो दोघींनी वाटून खायचा. आपल्याकडे जुळं केळं खाऊ नको, जुळी होतील म्हणतात, तिकडे जुळ्या बदामावर नातं जुळायचं!

संस्कृती_बचाव: मराठीत शब्द नाही कारण आपल्यात हे नव्हतंच. पाश्चात्त्य फॅडं.

खाडाखोड: @संस्कृती_बचाव, मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात एका कुमारिकेने दुसरीशी केलं तर दोनशे पण (तेव्हाचं नाणं) दंड आणि दहा फटके सांगितलेत. नसलेल्या गोष्टीला कुणी दंड लावत नाही. इनो घ्या.

तारीख_पे_तारीख: काकांना सांगा पोलीस येत नाहीत. दंडसंहितेच्या कलम ३७७ मधून सज्ञान व्यक्तींचे संमतीचे संबंध सुप्रीम कोर्टाने ६ सप्टेंबर २०१८ला बाहेर काढले. त्याआधीसुद्धा ते कलम बायकांवर नीट बसत नव्हतं, पण धमकी द्यायला पुरायचं, आणि मुली पळून गेल्या की घरचे अपहरणाची तक्रार ठोकायचे. लग्नाचं वेगळं, १७ ऑक्टोबर २०२३च्या निकालात कोर्टाने अशा लग्नाला इथे मान्यता दिली नाही. पण तुम्ही इथे लग्न लावतच नाही आहात, झालेल्या लग्नाचं जेवण घालताय. 'विवाहानिमित्त स्वागत समारंभ' लिहा, बिनधास्त. पत्रिका म्हणजे काही स्टँप पेपर नव्हे.

तिसरी_घंटा: अवांतर, पण राहवत नाही. तेंडुलकरांचं 'मित्राची गोष्ट' हे अशाच मुलीवरचं नाटक १९८१चं, रोहिणी हट्टंगडी करायच्या. नायिकेचं नाव सुमित्रा, सगळे मित्रा म्हणतात. नाव कानावर पडलं की मित्र पण ऐकू येतो आणि मुलगी पण. आणि तुम्ही 'फायर'चं लिहिलंत, त्यात त्या दोघींपैकी एक म्हणतेच की आपण काय आहोत त्याला आपल्या भाषेत शब्दच नाही. ज्यांनी काचा फोडल्या त्यांनी तेवढा एक संवाद ऐकायला हवा होता.

रॉटरडॅमकर: भाचीच्या गावापासून तासाभरावर राहतो. इथे एक सोय आहे, डचमध्ये 'व्राउ' म्हणजे बाईपण आणि बायकोपण, त्यामुळे ऑफिसातली कलीग 'माइन व्राउ' म्हणते तेव्हा कुणाच्या भुवया वर जात नाहीत. तशी इथेही शिवी होतीच, 'पॉट', भांडं याच अर्थाचा शब्द. आता त्या मुलीच हसत हसत स्वतःला पॉट म्हणवतात. पण मी म्हटलं तर मार खाईन. शब्द तोच, तोंड कुणाचं त्यावर आहे सगळं.

कोरा_चहा: इतका वेळ वाचत होते, लिहू की नको करत. मी ठाण्यात चौदा वर्षं माझ्या जोडीदारासोबत राहते. आम्ही दोघी बायका. त्यामुळे थोडं आतून सांगते.

मी स्वतःला लेस्बियन म्हणते आणि मुद्दाम म्हणते, कारण मुलं ज्या शब्दावर फिदीफिदी हसायची तो त्यांच्याकडेच राहू द्यायचा नव्हता मला. माझी जोडीदार तो शब्द उच्चारतसुद्धा नाही. तिला तो चौकशीच्या फॉर्मसारखा वाटतो. मुंबईत १९९५ला आमच्यासारख्या बायकांचा 'स्त्री संगम' नावाचा गट सुरू झाला, पुढे त्यांनी 'लाबिया' नाव घेतलं, म्हणजे आमच्याकडेसुद्धा नावावरून कधी एकमत नसतं आणि नाव बदलताना कुणीतरी दुखावतंच. 'जोडीदारीण' मला कृत्रिम वाटतो, 'साथीदार' म्हटलं की पुढे 'आणि तिचा साथीदार फरार' असं ऐकू येतं.

पण सर्वांत जास्त लागतो तो मैत्रीण. भाचीचं मला शंभर टक्के पटलं. चार वर्षांपूर्वी माझ्या जोडीदाराचं ऑपरेशन झालं, हॉस्पिटलच्या फॉर्मवर 'रुग्णाशी नाते' असा रकाना होता. मी मैत्रीण लिहिलं, काउंटरवरच्या बाईने फॉर्म परत सरकवला, सख्खं कुणी आणा म्हणे. मी तिथेच उभी राहून मैत्रीण खोडलं आणि बहीण लिहिलं. आडनावं वेगळी, जात वेगळी, चेहरा वेगळा, तरी चाललं. तेव्हापासून तो फॉर्म माझ्या डोळ्यासमोरून जात नाही, तसली म्हणणाऱ्या मामीचा नाही येत तेवढा राग मला त्या खोडलेल्या शब्दाचा येतो.

आता शब्द. आमच्या सोसायटीत दूधवाल्याच्या वहीत आमचं खातं कशा नावाने आहे माहितीये? '४०२ दोघी'. त्याने सहज लिहिलं असेल. पण मराठीत दोघी म्हटलं की संपलं, दोन आणि दोन्ही बायका, हिंदी-इंग्रजीत ही सोय नाही. वॉचमन कुरिअरवाल्याला सांगतो, त्या दोघींकडे द्या. पंधरा दिवसांनी गावाहून आलो की भाजीवाली मावशी विचारते, दोघी कुठं गेल्तात? त्यात लिंग नाही, संबंध नाही, आजार नाही, मैत्रीणही नाही. चौदा वर्षांत लोकांना कळायचं ते त्यातूनच कळलंय.

आणि तुमच्या आईंसाठी: बायको म्हणू द्या ना. 'नातीची बायको'. डचचं कौतुक बरोबर आहे, पण आपलाही 'बायका' शब्द दोन्हीकडे चालतोच की, बायकांचा डबा आणि त्यांच्या बायका. पहिल्या वेळी जीभ अडखळते. तिसऱ्या वेळी नाही.

वाटाण्याच्या_अक्षता: @कोरा_चहा, +१. '४०२ दोघी' डोक्यातून जाणार नाही आता.

धागाकर्ती: सगळ्यांचे मनापासून आभार, कोरा चहा तुमचा प्रतिसाद ताईला फोनवर वाचून दाखवला, ती बराच वेळ काही बोलली नाही, मग म्हणाली त्यांना पण जेवायला बोलव.

अपडेट. मजकूर असा ठरलाय: "आमची नात चि. क्ष आणि चि. य या दोघींच्या विवाहानिमित्त स्वागत समारंभ व भोजन." निमंत्रक म्हणून आईचं एकटीचं नाव, तिचाच हट्ट. सगळा भार 'दोघींच्या'वर टाकलाय, बघू पेलतो का.

आईला मी 'नातीची बायको' सुचवलं. तिने दोनदा पुटपुटून बघितलं, मग म्हणाली एवढं लांबण कशाला, नातीची बायको म्हणजे नातसूनच की. समोरच्या वहिनींना सांगूनही आली. वहिनी म्हणे विचारत होत्या, अहो पण नातू कुठाय तुम्हाला? आई म्हणाली, नाहीच आहे, नातसून आहे. वहिनींना काय कळलं देव जाणे, पण जेवायला येणारेत.

आता प्रेसवाल्याने प्रूफ पाठवलंय. मुलगा हुशार निघाला, साच्यातलं नवरदेवाचं चित्र काढून नवरीचंच चित्र उलटं करून समोर ठेवलंय, हार घेऊन दोघी समोरासमोर. मला आवडलं. आईने चष्मा लावून बघितलं आणि एकच चूक काढली, उजवीकडच्या नवरीचा पदर उजव्या खांद्यावर गेलाय. उद्या परत चक्कर. तोपर्यंत कुणाकडे डाव्या पदराची दुसरी नवरी असेल तर चित्र पाठवा.

रॉटरडॅमकर: राहू द्या हो, गुजराती पदर म्हणून खपेल.